कोल्हापूरच्या उन्हाळ्यासाठी मोजके, एकमेकांत जुळणारे कपडे: सुरुवात चपलेपासून

कोल्हापूरचा उन्हाळा एकाच दिवसात तीन रूपं दाखवतो. एप्रिलमध्ये सकाळी सहाला रंकाळ्यावर फिरताना अंगावर ओढणी असली तर बरं वाटतं. दुपारी दोनला पारा ३७-३८ अंशांवर जातो आणि रस्त्यावरून झळा येतात. संध्याकाळी पश्चिमेचं वारं सुटतं, नाहीतर ढग भरून येतात आणि अर्ध्या तासात वळीव सगळं धुऊन काढतो. शहर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरच्या आसपास उंचीवर आहे, त्यामुळे रात्री विदर्भाइतक्या तापत नाहीत. म्हणूनच इथला कपडा दुपारी सोसवला पाहिजे, भिजला तर लवकर वाळला पाहिजे आणि संध्याकाळी कुणाच्या रिसेप्शनला तसंच जायची वेळ आली तरी ओशाळवाणं वाटता कामा नये.

हे सगळं जमवायला कपडे खूप लागत नाहीत. तीन खालचे आणि सहा वरचे, एवढ्यात मार्च ते मे निघतो. अट एकच: प्रत्येक वरचा कपडा प्रत्येक खालच्या कपड्यावर चालला पाहिजे. तीन आणि सहाचे अठरा जोड होतात. त्यात दोन ओढण्या किंवा स्टोल धरले तर कॉलेजची मुलगी असो, बँकेतली नोकरदार असो की उद्यमनगरात वर्कशॉप सांभाळणारा, कुणालाही रोज सकाळी कपाटासमोर उभं राहून विचार करावा लागत नाही.

हे जमत नाही याचं कारण आपण खरेदी उलट्या क्रमाने करतो. आधी कुर्ता किंवा शर्ट आवडतो, मग त्याला शोभणारी पँट, मग त्या पँटवर जाणारी चप्पल. प्रत्येक आवडलेला कपडा स्वतःचा वेगळा संसार मागतो. क्रम फिरवा. आधी पाय, मग कमरेखालचं, सगळ्यात शेवटी वरचं.

पहिली पायरी: आठवडा कागदावर लिहा

उन्हात किती वेळ जातो, गाडीवर किती आणि पंख्याखाली किती, हे लिहून काढा. शिवाजी विद्यापीठात शिकणाऱ्या मुलाला डिपार्टमेंट ते कँटीन उन्हातून चालावं लागतं. गोकुळ शिरगावच्या एमआयडीसीत जाणाऱ्याचा सकाळ-संध्याकाळ महामार्ग असतो. महाद्वार रोडवरच्या दुकानात दिवसभर उभं राहणाऱ्या बाईला ऊन कमी लागतं, पण उकाडा आणि गर्दी जास्त. या तिघांचा संच एकच असू शकत नाही. ज्याचे पाच तास एसीत जातात त्याला किंचित जाड पॉपलिन (घट्ट विणीचं सुती कापड) चालतं, उभ्याने काम करणाऱ्याला चालत नाही.

त्याच कागदावर उन्हाळ्यातले ठरलेले प्रसंगही टाका. चैत्र पौर्णिमेला जोतिबाला जाणार असाल तर गुलालाचा विचार आधीच करा. जोतिबाचा गुलाल पांढऱ्या सुती कापडात मुरला की पूर्ण निघत नाही, तेव्हा यात्रेचा म्हणून एक जुना सदरा किंवा कुर्ता वेगळा काढून ठेवा आणि संचाला हात लावू नका. अंबाबाईच्या दर्शनाला अंगभर कपडे लागतातच. मे महिन्यातली लग्नं असतात ती वेगळीच.

दुसरी पायरी: कपाट रिकामं करा

सगळं पलंगावर काढा. गेल्या उन्हाळ्यात जे घातलं ते एका बाजूला, जे नाही घातलं ते दुसऱ्या बाजूला. न घातलेल्याचं कारण शोधा: काखेत घट्ट, अस्तर पॉलिस्टरचं, रंग एकट्यालाच शोभणारा, की घातल्यावर घामोळं उठलं? बहुतेक वेळा काख आणि अस्तर हीच दोन कारणं निघतात. दोन्ही टेलरकडे दुरुस्त होतात, त्यामुळे लगेच वाटून टाकू नका. जे घातलेलं आहे त्यातलेच दोन-तीन कपडे तुमच्या संचाचा पाया होतील. ते बाजूला ठेवा आणि पुढच्या खरेदीला बरोबर घेऊन जा. रंग मनात धरून जुळत नाही, कापडाला कापड लावूनच जुळतो.

तिसरी पायरी: चप्पल आणि तिच्यावरून रंग

कोल्हापुरात राहून उन्हाळ्याच्या कपड्यांचा विचार चपलेपासून न करणं म्हणजे घरात विहीर असून टँकर मागवणं. कोल्हापुरी चप्पल पाय उघडा ठेवते. तिचं कातडं वनस्पतींच्या सालींनी आणि हिरड्याने कमावलेलं असतं, ते घाम शोषतं आणि आठवड्याभरात तळव्याचा आकार घेतं. २०१९ मध्ये तिला भौगोलिक मानांकन मिळालं, महाराष्ट्रातले चार आणि कर्नाटकातले चार जिल्हे मिळून. चप्पल लाइनीत, म्हणजे चपलांच्या दुकानांच्या रांगेत, जाल तेव्हा घासून-पुसून चकचकीत केलेलं पॉलिश बघू नका. तळाच्या कडेला थर दिसतात का, शिवण चामड्याच्या वादीची आहे का, आणि वाकवल्यावर चप्पल रेक्झिनसारखी चिरते का, हे बघा. नवी जोडी थोडी घट्टच घ्या, ती सैल होते. पहिले चार दिवस घरात वापरा.

आपल्या कामाची गोष्ट तिचा रंग. कमावलेल्या कातड्याचा तो तांबूस-मधाळ रंग मोतिया, नेव्ही, नीळ, खाकी, ऑलिव्ह, विटकरी, मोहरी या सगळ्यांशी नांदतो. थंड राखाडी आणि निऑन छटांशी तो भांडतो. म्हणजे एका जोडीने तुमचे निम्मे रंग ठरवून टाकले. त्याच रंगाचा पट्टा आणि पर्स असली तर पायाचा प्रश्न तीन महिने मिटला.

आता दोन मूळ रंग निवडा. एक फिका, एक गडद. मला मोतिया आणि नेव्ही हे सर्वांत खात्रीचे वाटतात. शुभ्र पांढऱ्यापेक्षा मोतिया बरा, कारण घामाचा पिवळेपणा आणि इथली लाल धूळ त्यावर लवकर दिसत नाही. काळा आवडत असेल तर जरूर घ्या, पण घाम वाळल्यावर मिठाचे पांढरे डाग काळ्यावर सगळ्यात आधी उठतात हे लक्षात ठेवा. मूळ रंगांवर दोन सोबती रंग: विटकरी आणि शेवाळी, किंवा मोहरी आणि फिका निळा. चारच्या वर गेलात की अठरा जोडांचं गणित मोडतं.

चौथी पायरी: खालचे तीन

यांच्यावर पैसे खर्च करा. वरचा कपडा एकदा घालून धुवायला जातो, पँट दोनदा-तीनदा घातली जाते, गाडीच्या सीटवर घासते, पायऱ्यांवर बसते.

बायका-मुलींसाठी एक मोतिया सरळ पँट, एक नेव्ही पलाझो आणि एक सोबती रंगाची पटियाला किंवा सलवार. पलाझो दुचाकीवर त्रास देत असेल, घोळ चाकाकडे जात असेल, तर तिच्याऐवजी घोट्याला निमुळती पँट घ्या. घागरा-स्कर्टच्या मोहात पडू नका, तो सहापैकी दोनच कुर्त्यांवर जातो. पुरुषांसाठी खाकी, नेव्ही आणि ऑलिव्ह अशा तीन सुती पँट. जीन्स एप्रिल-मेपुरती बाजूला ठेवा. डेनिम जाड असतं, भिजलं की वाळायला दिवस घेतं, आणि वळिवात भिजून घरी आल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी ती ओलसरच असते.

तिन्हीही साध्या रंगाच्या. खाली नक्षी घेतलीत की वरच्या सगळ्या नक्ष्या बाद.

पाचवी पायरी: वरचे सहा

सहापैकी चार साधे किंवा अगदी बारीक रेघांचे, दोन नक्षीचे. नक्षीच्या कपड्याला एक कसोटी: तुमच्या दोन मूळ रंगांपैकी किमान एक त्या नक्षीत दिसला पाहिजे. नेव्हीवर मोतिया ठसा असेल तर तो तिन्ही पँटवर बसतो. गुलाबीवर पोपटी असेल तर कितीही सुंदर असला तरी तो तुमच्या संचातला नाही.

लांबीकडेही बघा. गुडघ्यापर्यंतचा कुर्ता सरळ पँट आणि सलवार दोन्हींवर शोभतो. घोट्यापर्यंतचा अनारकली फक्त चुडीदारवर. मांडीपर्यंतचा आखूड कुर्ता पलाझोवर छान, पण सलवारवर अर्धवट दिसतो. म्हणून चार कुर्ते गुडघ्याचे आणि दोन आखूड, यापेक्षा वेगळं प्रमाण मी सुचवणार नाही. आखूड दोघांचे सलवारवरचे दोन जोड अठरातून सोडावे लागतात, तेवढी सूट चालते. पुरुषांनी चार अर्ध्या बाह्यांचे शर्ट, एक लांब बाह्यांचा आणि एक खादीचा आखूड कुर्ता घ्यावा. शर्टचा खालचा काठ सरळ ठेवायला सांगा, म्हणजे तो पँटमध्ये खोचूनही जातो आणि बाहेरही ठेवता येतो. एकाच शर्टात ऑफिस आणि रंकाळ्यावरची भेळ दोन्ही होतात.

साडी नेसणाऱ्यांसाठी

हा भाग लोक विसरतात, आणि खरं तर जुळणीची सर्वांत जुनी युक्ती इथेच आहे. साडीत जुळणीचा कपडा म्हणजे ब्लाउज. शिक्षिका, क्लार्क, अंगणवाडी सेविका, रोज साडी नेसणाऱ्या कुणालाही प्रत्येक साडीचा स्वतंत्र ब्लाउज शिवायची गरज नाही. सहा सुती साड्यांना तीन ब्लाउज पुरतात: एक मोतिया, एक नेव्ही किंवा निळीचा ठसा असलेला, एक मरून. काठ आणि ब्लाउज यांचा रंग तंतोतंत एक असलाच पाहिजे ही अपेक्षा सोडली की सगळं सोपं होतं. काठातला किंवा पदरातला कुठलाही एक रंग ब्लाउजशी नातं सांगत असला तरी पुरे.

इरकल या दृष्टीने फार गुणी साडी आहे. कर्नाटकातल्या इलकल गावची, पण कोल्हापुरात पिढ्यान्‌पिढ्या नेसली जाते. सुती इरकलचं अंग मऊ असतं आणि तिचा लाल-पांढरा टोप पदर मरून आणि मोतिया या दोन्ही ब्लाउजांना सामावून घेतो. मात्र खणाचा ब्लाउज उन्हाळ्यात घालायचा असेल तर कापड तपासून घ्या. बाजारातला बराचसा खण आज पॉलिस्टर मिश्र असतो, आणि दुपारी बारानंतर तो पाठीला नकोसा होतो. घ्यायचाच तर आतून मलमलीचं अस्तर लावा आणि संध्याकाळच्या कार्यक्रमालाच घाला.

परकर सुतीच हवा, सॅटिनचा नको. पायात घोळ अडकत नाही म्हणून सॅटिन बरं वाटतं, पण कमरेला घाम धरून नाडीखाली पुरळ येतं. मोतिया आणि नेव्ही असे दोन परकर सहाही साड्यांना पुरतात.

सहावी पायरी: कापड ओळखा

या संचाचं खरं मर्म इथे आहे. नेहमीच्या हवेत सुती धागा आपल्या वजनाच्या ७-८ टक्के ओलावा धरून ठेवतो, लिनन १२ टक्क्यांच्या आसपास, पॉलिस्टर अर्धा टक्कासुद्धा नाही. म्हणून पॉलिस्टरच्या साध्या शर्टात घाम कापडात न जाता अंगावरून ओघळतो. मार्च-एप्रिलच्या कोरड्या हवेत सैल सुती कपडा सगळ्यात थंड, कारण त्यातला घाम भराभर उडतो आणि उडताना अंगाची उष्णता घेऊन जातो. मेच्या मध्यावर हवा दमट झाली की तोच जाड सुती कपडा ओला होऊन अंगाला चिकटतो. तेव्हा वायल, मलमल आणि लिनन कामाला येतात. सहा वरच्या कपड्यांपैकी दोन तरी या पातळ जातीचे ठेवा. रेयॉन मऊ आणि गार लागतो, सुळसुळीत पडतो, पण ओला असताना त्याचा धागा कमकुवत होतो. तो पिळू नका आणि पँटसाठी घेऊ नका.

दुकानात ‘प्युअर कॉटन’ म्हणून जे दाखवतात ते तसं असेलच असं नाही. कापडाच्या कडेचे दोन-चार धागे मागून घ्या आणि घरी चिमट्यात धरून जाळा. सूत कागदासारखं जळतं, कागद जळाल्यासारखाच वास येतो आणि राख बोटाने चुरगळते. पॉलिस्टर वितळतं, आक्रसतं आणि शेवटी टणक मणी राहतो. राख आणि मणी दोन्ही मिळाले तर मिश्रण. दुकानातच अंदाज घ्यायचा असेल तर कापड मुठीत दहा सेकंद आवळून सोडा. सुती आणि लिनन चुरगळलेलं राहतं, पॉलिस्टर पुन्हा सरळ होतं. गडद रंगासाठी ओला पांढरा रुमाल कापडावर घासा. रुमालाला रंग लागला तर ते कापड मोतिया पँटवर घालण्याच्या लायकीचं नाही.

सातवी पायरी: कुठून घ्यायचं

कापडाच्या बाबतीत कोल्हापूरकर नशीबवान आहेत. शाहू महाराजांनी १९०६ मध्ये शहरात कापड गिरणीची पायाभरणी केली. त्याआधी दोन वर्षं, १९०४ मध्ये, विठ्ठलराव दातारांनी इचलकरंजीत पहिला यंत्रमाग बसवला. गिरणी बंद पडली, पण इचलकरंजीचे माग अजून चालू आहेत, आणि पॉपलिन, केंब्रिक, वायल, धोतराचं कापड तिथे निघतं. कोल्हापूरपासून तासाभराच्या अंतरावर. साध्या रंगाचे चार वरचे कपडे आणि तिन्ही खालचे यांचं कापड ताग्यातून कापून घेतलं तर तयार कपड्यापेक्षा दर्जा चांगला मिळतो, आणि एकाच ताग्यातून घेतल्यामुळे मोतियाच्या दोन छटा होत नाहीत.

गांधीनगर ही फाळणीनंतर सिंधी बांधवांनी वसवलेली पेठ, तिथे घाऊक भाव मिळतो. बहिणी-वहिनी किंवा मित्र तीन-चार जण मिळून गेलात तर अर्धा तागा वाटून घेता येतो. महाद्वार रोडवर साड्या, ब्लाउजपीस आणि ओढण्या. राजारामपुरीत तयार शर्ट-कुर्ते. सकाळी दुकानं उघडल्या उघडल्या जा आणि कापड दाराशी नेऊन उजेडात बघा. ट्यूबलाइटखाली नेव्ही आणि काळा एकसारखे दिसतात.

मापाचा अंदाज असा. ४४ इंच पन्ह्याच्या कापडात गुडघ्यापर्यंतच्या कुर्त्याला अडीच मीटर, सलवारीला दोन ते सव्वादोन. पुरुषांच्या अर्ध्या बाह्यांच्या शर्टाला ५८ इंच पन्हा असेल तर १.६० मीटर, पँटला १.२० ते १.३०. उंच किंवा भरलेल्या अंगाच्यांनी टेलरला आधी विचारावं. या प्रत्येकात आटण्यासाठी दहा सेंटिमीटर जास्त घ्या.

आठवी पायरी: टेलर

कोरं सुती कापड पहिल्या धुण्यात तीन ते पाच टक्के आटतं. चाळीस इंची कुर्ता दीड-दोन इंचांनी आखूड होतो तो याचमुळे. कापड घरी आणलं की रात्रभर साध्या पाण्यात भिजवा, न पिळता सावलीत वाळवा, इस्त्री करा आणि मगच टेलरकडे द्या. टेलर म्हणेल गरज नाही. तरी करा.

शिवायला टाकताना चार गोष्टी स्पष्ट सांगा. मुंढा, म्हणजे बाही जोडतात तो घेर, नेहमीपेक्षा अर्धा इंच सैल, कारण उन्हाळ्यात कपडा सर्वांत आधी काखेत भिजतो आणि तिथेच फाटतो. बाजूच्या शिवणीत एक इंच माया, म्हणजे पुढच्या वर्षी अंग भरलं तरी उसवून सैल करता येईल. अस्तर लागणार असेल तर मलमलचंच, आणि तेही आधी भिजवून. कुर्त्याला खिसा, दोन्ही बाजूंना. मोबाइल आणि गाडीची किल्ली हातात धरून उन्हात उभं राहणाऱ्या मुली बघितल्या की मला खरंच वाईट वाटतं. हे काम पंधरा मिनिटांचं आहे.

आणि वेळ. गुढीपाडव्यानंतर लग्नसराईचे ब्लाउज सुरू झाले की साधे कुर्ते मागे पडतात आणि हातात मे संपता संपता येतात. फेब्रुवारीतच कापड टाका. आधी एकच पँट आणि एकच कुर्ता शिवून घ्या, दिवसभर घालून बघा, मग त्याच मापावर बाकीचे.

दुचाकीवरचं ऊन

पातळ पांढरं सुती कापड गार असतं, पण ऊन फारसं अडवत नाही, ओलं झाल्यावर तर आणखी कमी. त्यामुळे अर्ध्या बाह्यांच्या मलमलीत कागलहून रोज ये-जा करणाऱ्याचे हात करपतात. संचात एक जास्तीचा कपडा याच कामासाठी ठेवा: घट्ट विणीच्या सुती कापडाचा, गडद रंगाचा, पुढून उघडा, लांब बाह्यांचा सैल शर्ट किंवा सनकोट. तो नेव्ही असेल तर सगळ्यांवर जातो. पोहोचलात की काढून खुर्चीला अडकवायचा. चेहऱ्याचा स्कार्फ मोठा आणि मलमलीचा घ्या, सिंथेटिक नको. हेल्मेटखाली तोच घाम टिपतो.

धुणं, वळीव आणि जून

मोजके कपडे म्हणजे वारंवार धुणं, त्यामुळे धुण्यावर संचाचं आयुष्य ठरतं. घामाचा कपडा बादलीत तसाच पडू देऊ नका, संध्याकाळी निदान साध्या पाण्यातून काढा. पांढऱ्या कपड्याच्या काखेतले पिवळे डाग घाम आणि डिओडरंट मिळून पडतात. त्यावर ब्लीच टाकलं तर ते अधिक पिवळे होतात. खायच्या सोड्याच्या पाण्यात तासभर ठेवून चोळा. वाळवताना कपडा उलटा आणि सावलीत. एप्रिलच्या हवेत सावलीतही दोन-तीन तासांत वाळतो आणि रंग टिकतो. सुती साडीला पातळ खळ चालते. कुर्त्या-शर्टांना खळ नकोच, धाग्यांमधली मोकळी जागा बुजते आणि वारं लागत नाही.

वळिवात चप्पल भिजली तर उन्हात किंवा गॅसजवळ ठेवू नका, कातडं कडक होऊन चिरतं. आत वर्तमानपत्राचे बोळे घाला, सावलीत आडवी वाळवा, पूर्ण वाळल्यावर खोबरेल तेलाचा हलका हात फिरवा. रंग थोडा गडद होईल, चालेल. मेच्या शेवटच्या आठवड्यात तिला सुटी द्या आणि रबरी चप्पल बाहेर काढा.

मृगाआधी संच आवरताना साड्यांची खळ धुऊन काढा. खळीवर कसर येते आणि पावसाळ्यात बंद कपाटात ती सगळ्यात आधी मोतियालाच धरते. कपडे इस्त्री न करता, पूर्ण कोरडे, जुन्या सुती साडीच्या तुकड्यात गुंडाळून वरच्या कप्प्यात ठेवा. ठेवताना कुठला कपडा विरला, कुठला उन्हाळाभर घातलाच गेला नाही, ते एका चिठ्ठीवर लिहून त्याच गाठोड्यात टाका. पुढच्या फेब्रुवारीत कापड आणायला जाताना तीच तुमची यादी. ऑक्टोबरचा उकाडा आला की यातलेच दोन-तीन पातळ कपडे महिनाभरासाठी पुन्हा खाली काढायचे.